अण्णांनी सांगितलेली साम्राज्ये

आमच्या घरात असिरियाचं साम्राज्य स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी संपत असे. त्याच्या पलीकडे आईचं राज्य. अलीकडच्या खोलीत माझे वडील, ज्यांना मी अण्णा म्हणत असे, भिंतीला पाठ लावून बसलेले असत आणि त्यांच्या तोंडून इराण, बाबिलोन, निनेव्हे इथले राजे एकामागून एक उठत आणि पडत. आई मध्येच येऊन सांगे की घरात मीठ संपलंय. अण्णा हात वर करून तिला थांबवत. निनेव्हे जळत असताना मिठाचं कुणी बोलू नये असं त्यांना वाटे. मला विचाराल तर मला मिठाचं बोलणं जास्त आवडे.

हे एकोणीसशे साठच्या आगेमागचं बेंगळूर. चामराजपेटेतल्या एका वठारात आमच्या दोन खोल्या होत्या. वठार म्हणजे एका अंगणाभोवती ओळीनं बांधलेली भाड्याची घरं, मधे एक नळ आणि त्या नळावर दिवसातून दोनदा होणारी भांडणं. आमचे पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी कुठल्याशा मराठी फौजेबरोबर इकडे उतरले आणि परत जायचं राहूनच गेलं. घरात मराठी बोलायचं, उंबऱ्याबाहेर पाऊल टाकलं की कानडी. आमच्या मराठीत 'जरा'साठी 'स्वल्प' आणि 'बरं'साठी 'सरी' इतके मुरले होते की ते कानडी आहेत हे मला शाळेत गेल्यावर कळलं.

अण्णा हायस्कुलात इतिहास शिकवत. कानडीतून शिकवत आणि फार चांगलं शिकवत. पण त्यांच्या मनात एक गोष्ट डाचत होती. एका लग्नात पुण्याहून आलेले लांबचे नातेवाईक त्यांचं मराठी ऐकून एकमेकांकडे बघून हसले होते. बस्स, एवढंच. कुणी वाईट शब्द बोललं नव्हतं. पण लग्नाहून परत आल्यावर अण्णांनी एक जाड वही आणली आणि पूर्वेकडच्या प्राचीन साम्राज्यांचा इतिहास लिहायला घेतला, मराठीत. चीनपासून सुरुवात करून मगध, इराण, बाबिलोन करत असिरियापर्यंत जायचं असं त्यांनी ठरवलं. "स्वतःच्या किल्ल्यांवर सगळेच लिहितात," ते म्हणत, "निनेव्हेच्या तटाबद्दल मराठीत कोण लिहिणार?" अख्ख्या वठारात या प्रश्नाचं उत्तर कुणालाच नको होतं. अण्णांना मात्र दुसरं काही नको होतं. ते पुस्तक पुण्यात छापून यावं, मराठी पुस्तक म्हणून यावं आणि आपण जिवंत असताना यावं, एवढी एकच इच्छा धरून ते बसले होते.

पहिल्या तीन वह्या त्यांनी स्वतःच्या हातानं लिहिल्या. चीन झाला, मगध झालं आणि डोळे गेले. काचबिंदू होता. सरकारी दवाखान्यात नेलं तेव्हा डॉक्टरांनी उशीर केलात असं सांगितलं आणि पुढच्या रोग्याला हाक मारली. शाळेनं हार घालून निरोप दिला. त्या वेळी त्यांचं वय पन्नासही नव्हतं. मी नुकतीच मॅट्रिक पास झाले होते आणि मला कॉलेजात जायचं होतं. पण अण्णांना कुणीतरी लिहून देणारं हवं होतं आणि मुलगी घरातच होती. मला कुणी विचारलं नाही. कुणी विचारलं असतं तरी मी हो म्हटलं असतं, कारण तेव्हा मुली हो म्हणत. पण विचारलं नाही याचा राग मला आजही येतो.

रोज सकाळी नळाचं पाणी भरून झालं की आम्ही बसायचो. पहिल्या दिवशी अण्णांनी इराण सुरू केलं आणि तिसऱ्याच वाक्याला आम्ही अडकलो. माझं शिक्षण कानडीत झालं होतं. बाळबोध अक्षर, म्हणजे देवनागरी, मला वाचता यायचं ते हिंदीच्या परीक्षांमुळे. लिहिताना मात्र एकेक अक्षर दोरीवर कपडे वाळत घालावेत तसं टांगावं लागे. अण्णा पुढचं वाक्य तोंडात धरून बसत. "झालं?" "स्वल्प थांबा." "झालं?" तेवढ्यात ते वाक्य त्यांच्या हातून सुटे आणि ते चिडत. जन्मभर स्वतःच्या हातानं लिहिलेल्या माणसाला दुसऱ्याच्या हाताची वाट बघणं किती जड जातं, हे मला तेव्हा कळत नव्हतं. मला एवढंच दिसत होतं की माझ्यावर विनाकारण ओरडलं जातंय.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी मी कानडी अक्षरांत लिहायला लागले.

ज्यांना आमची घरं माहीत नाहीत त्यांना हे चमत्कारिक वाटेल, म्हणून सांगते. शब्द मराठीच होते. अण्णा बोलत ते जसंच्या तसं, फक्त लिपी कानडी. आमच्याकडे सगळेच असं लिहीत. आई होसकोट्याच्या मावशीला पत्र लिही ते मराठीत, पण कानडी अक्षरांत. वाण्याची यादी तशीच, मंगळागौरीची गाणीसुद्धा तशीच. वठारात आणखी दोन मराठी घरं होती, तिथंही हीच रीत. बाळबोध लिहिणारे एकटे अण्णा. त्यांच्या वडिलांनी त्यांना ते छडी घेऊन शिकवलं होतं आणि अण्णांनी मला शिकवायचं म्हणून दहा वर्षं पुढं ढकललं होतं. तेव्हा तो कट वगैरे काही नव्हता. मी आमच्या घरासारखं लिहिलं, इतकंच.

माझं पेन धावायला लागलं तसं अण्णांच्या चेहऱ्यावरचं आवळलेलं सगळं सैल झालं. ते कान देऊन पेनाचा आवाज ऐकत होते. "आता बसला तुझा हात," ते म्हणाले. तेव्हाच सांगायला हवं होतं. मी मनाशी म्हटलं, आता असू दे, नंतर सावकाश बाळबोधीत प्रत काढून देईन. शिवाय दोन दिवस ओरडा खाल्ल्यावर अण्णा पहिल्यांदाच कौतुक करत होते. मी सांगितलं नाही.

अशी चार वर्षं गेली. दर शनिवारी ते आठवड्याचा मजकूर वाचून दाखवायला सांगत आणि मी न अडखळता वाचत असे. वाचताना ते मराठीच होतं, त्यामुळे त्यांना शंका यायचं कारणच नव्हतं. ते एखादा शब्द बदलत, मी खोडून दुसरा लिही. बोटं वहीवरून फिरवून ते किती पानं भरली ते मोजत. अक्षरं काही बोटांना कळत नाहीत.

एकदा इराणच्या प्रकरणात त्यांनी तिथल्या राजदरबाराची कामाची पद्धत सांगितली. सम्राट आपल्या भाषेत हुकूम बोलायचा, पण लेखक होते शेजारच्या एलाम देशाचे. ते ऐकत आणि आपल्या भाषेत, आपल्या खुणांत मातीच्या पाटीवर उतरवून ठेवत. पुन्हा वाचायची वेळ आली की त्याच पाटीवरून सम्राटाच्या भाषेत वाचून दाखवत. हे लिहिताना माझे कान तापले. मी विचारलं, सम्राटाला हे माहीत होतं का? अण्णा म्हणाले, "माहीत असो नसो. त्याला वाचता कुठं येत होतं? वाचून दाखवलेलं बरोबर असलं म्हणजे झालं." माझा जीव भांड्यात पडला. त्या रात्री मी शांत झोपले. इराणच्या सम्राटाचं चालतं तर चामराजपेटेतल्या मास्तरांचंही चालेल, असा माझा हिशेब.

पण वर्षभरानं असिरिया आलं. तिथल्या राजवाड्यांच्या भिंतींवर दगडात कोरलेली चित्रं आहेत. लढाई संपलीय, शत्रूंची मुंडकी ढिगानं पडलीत आणि दोन लेखक शेजारी उभे राहून त्यांची नोंद करताहेत. एकाच्या हातात मातीची पाटी, दुसऱ्याच्या हातात कातड्याची गुंडाळी. पाटीवाला असिरियाचा. गुंडाळीवाला जिंकलेल्या अरामी लोकांच्या लिपीत लिहिणारा. ही लिपी सोपी, हात पटापट चाले, म्हणून राजांनी ती ठेवून घेतली. पिढ्यांमागून पिढ्या गेल्या आणि गुंडाळीवाले वाढत गेले. अण्णांनी आवाज खाली आणून सांगितलं, "निनेव्हे शत्रूंनी जाळलं ते नंतर. त्याआधी त्यांचे लेखक त्यांना सोडून गेले होते. दोनशे वर्षांनी एक परदेशी फौज त्या ढिगाऱ्याजवळून गेली तेव्हा आसपासच्या माणसांना शहराचं नावसुद्धा सांगता आलं नाही." मी हे सगळं उतरवलं. पटापट, सोप्या लिपीत. काय लिहितेय ते कळत होतं, पण हात थांबला नाही. सवयीच्या हाताला लाज नसते हे मला त्या दिवशी कळलं.

शेवटी प्रस्तावना आली. अण्णांनी सांगितलं की लिही: माझे डोळे गेल्यावर हे पुस्तक माझ्या मुलीच्या हातानं लिहिलं गेलं, तिच्या वळणदार बाळबोध अक्षराबद्दल छापखान्यानं तिचे आभार मानावेत. मी पेन खाली ठेवलं. आत्ता सांगते, असं म्हणायला तोंड उघडलं. तेवढ्यात त्यांनी हात पुढं करून चाचपडत माझं डोकं शोधलं आणि त्यावर हात ठेवला. आमच्याकडे वयात आलेल्या मुलीला बाप असा हात लावत नसे. मला रडू आलं आणि त्यांना वाटलं की मी कौतुकानं रडतेय.

अकरा वह्या भरल्या होत्या. मी प्रत काढायला बसले. अण्णांना सांगितलं की खाडाखोड फार झालीय, स्वच्छ करून देते. खरं सांगायचं तर मला त्या पुस्तकाचा तिटकारा आला होता. कोण कुठले राजे, त्यांनी कुणाचे डोळे काढले, कुणाची कातडी सोलली, हे एकदा लिहून झालं होतं आणि आता तेच अक्षर अक्षर टांगत पुन्हा लिहायचं. दिवसाला एक पान होई. मग आठवड्याला एक. त्याच सुमारास मला एका सरकारी कचेरीत टायपिस्टची नोकरी लागली आणि मी हरखून गेले. सकाळी डबा घेऊन बाहेर पडायचं, मुलींच्या घोळक्यात चालत जायचं, दिवसभर निनेव्हेचं नाव कानावर पडायचं नाही. वर्षभरात मी फक्त एक वही उतरवली. अण्णा विचारत, मी 'होतंय' म्हणे. त्यांची तब्येत खालावत होती, छातीत दुखत होतं. पुण्याच्या एका प्रकाशकांनी वह्या बघायची तयारी पत्रानं कळवली होती आणि ते पत्र अण्णा उशाशी घेऊन झोपत.

एक दिवस कचेरीतून घरी आले तर अण्णा दारातच बसलेले. नवं पुस्तक मिळालेल्या मुलासारखं हसत होते. शेजारच्या शिंप्यानं वह्या जाड कापडात शिवून दिल्या, आईनं लाख वितळवली आणि शिंप्याच्याच हातून पार्सल रजिस्टर्डनं पुण्याला गेलं, असं त्यांनी सांगितलं. तीन त्यांच्या आणि अकरा माझ्या, सगळ्या मूळ वह्या. मी उतरवलेली तेवढी एक घरी राहिली, ती अर्धवट असेल म्हणून. खाडाखोड असली तर असली, ते म्हणाले, पुण्याची माणसं समजून घेतील, आता माझ्याकडे वेळ थोडा आहे.

मी स्वयंपाकघरात जाऊन आईला विचारलं, तू का पाठवू दिलंस? आई म्हणाली, का ग, काय झालं? तिला खरंच काही कळलं नव्हतं. तिच्या दृष्टीनं मराठी असंच लिहितात.

तीन महिने मी गप्प राहिले. प्रकाशकांना पत्र लिहिता आलं असतं, की मजकूर मराठीच आहे, फक्त अक्षर कानडी आहे, परत पाठवा. पाच मिनिटांचं काम होतं. मी ते केलं नाही. पुण्यात कानडी वाचणारा एखादा कारकून असेलच, तो वाचून दाखवील, ते समजून घेतील, अशी आशा मी करत बसले. भित्र्या माणसाला आशा करायला फार आवडतं. अण्णा तेवढ्यात पुस्तकाला नाव शोधत होते. चीनशी लढाई जुंपली होती आणि शिंप्यानं त्यांना सल्ला दिला होता की पहिलं प्रकरण काढून टाका, मास्तर, आता चीनचं कौतुक कोण वाचणार. अण्णांनी त्याला अर्धा तास प्राचीन चीन आणि आजचा चीन यांतला फरक समजावला.

पार्सल परत आलं तेव्हा मी कचेरीत होते. पोस्टमननं ते दुपारी दिलं होतं. संध्याकाळी घरी पोहोचले तर अण्णा शाळेत घालायचे तो कोट घालून, पार्सल मांडीवर घेऊन बसले होते. वर चिकटवलेलं पाकीट त्यांनी सुटं करून हातात धरलं होतं. बाळबोध वाचणारं घरात दुसरं कुणी नव्हतं, म्हणून ते चार तास तसेच बसून राहिले होते. पार्सल परत आलंय याचा अर्थ त्यांना कळत होता, पण सुधारून पाठवा असं लिहिलं असेल, असं त्यांनी मला उभ्याउभ्याच सांगितलं.

मी पाकीट फोडलं आणि वाचायला लागले. पहिल्या तीन वह्या आवडीनं वाचल्या, विषय मराठीत नवा आहे, भाषेला तिची स्वतःची चव आहे, असं लिहिलं होतं. अण्णांनी मान हलवली. त्याखालची ओळ मी डोळ्यांनी वाचली आणि थांबले. काहीतरी बनवून वाचायचं मनात आलं होतं. कागद महाग झालाय म्हणते, लढाईमुळे सगळं बंद आहे म्हणते. पण चार वर्षं ज्या माणसानं माझं वाचणं ऐकलं त्याला माझं थांबणंही ओळखू येत होतं.

"तू वाचताना कधी थांबत नाहीस," अण्णा म्हणाले. "काय आहे ते वाच."

मी वाचलं. उरलेल्या अकरा वह्या कानडी भाषेत आहेत, एकाच पुस्तकासाठी आपण दोन भाषा का वापरल्या ते समजलं नाही, आम्ही केवळ मराठी ग्रंथ छापतो, तरी सर्व वह्या सुरक्षित परत पाठवत आहोत.

अण्णांनी शांतपणे विचारलं, पहिल्या दिवसापासून का? मी म्हटलं, तिसऱ्या. शनिवारी वाचून दाखवायचीस ते? तेही त्यातूनच. प्रस्तावना? मी पत्राची घडी घातली. मग त्यांनी आईला हाक मारून विचारलं, तुला ठाऊक होतं का. आई उंबऱ्यात येऊन उभी राहिली. "यात ठाऊक व्हायचं काय आहे?" ती म्हणाली. "आपल्याकडे लिहितात तसंच लिहिलंय पोरीनं."

तिनं ते माझी बाजू घ्यायला म्हटलं होतं. मी अण्णांच्या चेहऱ्याकडे बघत होते. मला वाटतं माझ्या फसवण्यापेक्षा ते वाक्य त्यांना जास्त लागलं. आपल्याच घरात आपण एकटे होतो हे त्यांना त्या क्षणी कळलं असावं. मी त्यांचे पाय धरले. शब्द न् शब्द तुमचा आहे, मराठीच आहे, सहा महिन्यांत सगळं बाळबोधीत उतरवून देते, नोकरी सोडते, असं बरंच काही बोलले. त्यांनी माझे हात हळूच सोडवले आणि म्हणाले, "बेडा." कानडीत बेडा म्हणजे नको.

त्या दिवसापासून अण्णा माझ्याशी कानडीत बोलले. रागानं नाही. राग परवडला असता. त्यांचं कानडी शाळामास्तरांचं, स्वच्छ आणि सभ्य होतं, आणि त्या कानडीत ते मला अहो-जाहो करत. तुम्ही कॉफी घेतलीत का, तुम्हाला कचेरीला उशीर होईल, तुम्ही जरा तो दिवा मालवाल का. आईशी मराठीच चालू होतं. शिंप्याशी नेहमीसारखं कानडी. तिऱ्हाइताचं बोलणं फक्त माझ्या वाट्याला आलं. मी मराठीत उत्तर द्यायची, ते ऐकून घ्यायचे आणि पुन्हा कानडीतच बोलायचे. दोन वर्षं. मी कधी भांडले, कधी जेवायचं टाकलं, एकदा तर ओरडले की मला मारा पण असं बोलू नका. ते म्हणाले की तुमचं काहीच चुकलेलं नाही.

मी प्रत काढायला पुन्हा सुरुवात केली. आता तिटकारा राहिला नव्हता, हट्ट होता. रविवार आणि सुट्ट्या सगळ्या त्यात घातल्या. अक्षरही सुधारलं. एखादं पान वाचून दाखवू का विचारलं की अण्णा काठी घेऊन अंगणात जाऊन बसत. ती प्रत पुढे मी पूर्ण केली, पुण्याला आणि आणखी एका ठिकाणी पाठवली. दोन्हीकडून परत आली. पुस्तक छापलं गेलं नाही. पण ते सगळं अण्णा गेल्यानंतरचं.

मी नवव्या वहीची प्रत काढत होते तेव्हा अण्णांना छातीच्या दुखण्यानं दवाखान्यात ठेवावं लागलं. तिथं थंडीताप झाला आणि शुद्ध येऊन जाऊन राहू लागली. चौथ्या दिवशी दुपारी आई अंघोळीला घरी गेली होती आणि मी कॉटशेजारी स्टुलावर बसले होते. वॉर्डात भेटायला आलेल्यांची गर्दी होती. अण्णांनी डोळे मिटलेलेच ठेवून विचारलं, "वही घेतलीस?"

मराठीत. तू म्हणून. मला आधी ऐकूच आलं नाही, म्हणजे आलं पण विश्वास बसला नाही. त्यांनी पुन्हा विचारलं. मी 'हो अण्णा' म्हटलं आणि पिशवीतून कचेरीचा लिहायचा पॅड काढला. ते सांगायला लागले. निनेव्हेच्या तटाची रुंदी, दरवाजे, नदीचं पाणी तटाला कसं भिडलं. आवाज क्षीण होता, पण वाक्यं पूर्वीसारखीच सरळ येत होती.

मी बाळबोधीत लिहायला घेतलं. या वेळी चूक करायची नाही असं मी ठरवलं होतं. देवानं पुन्हा एकदा संधी दिलीय असं मला वाटत होतं आणि माझं सगळं लक्ष अक्षरांकडे होतं. वळण नीट, काना पुरा, वरची रेघ सरळ. अण्णा थांबत नव्हते. पूर्वी ते 'झालं?' विचारायचे, आता विचारत नव्हते. मी मागे पडले. दुसरं वाक्य लिहीत असताना ते पाचव्यावर होते आणि ते पाचवं वाक्य निनेव्हेचं नव्हतं. देवनहळ्ळी असं काहीतरी कानावर आलं. तिथल्या किल्ल्याजवळ त्यांचं लहानपण गेलं होतं, त्याबद्दल ते कधी बोलत नसत. मग 'आईनं मला' असं ऐकू आलं, एका शेळीचं काही होतं, कुणीतरी विहिरीत उतरल्याचं होतं, आणि एकदा ते बारीकसं हसले. मी तिसरी ओळ पुरी करत होते. ती झाली की पुढचं पकडू, असं म्हणत होते. कानडी अक्षरांत लिहिलं असतं तर मला एकूण एक शब्द मिळाला असता.

चौथी ओळ संपवून मी मान वर केली तेव्हा ते बोलायचे थांबले होते.

"लिहिलंस?"

"लिहिलं, अण्णा."

"वाच."

मी निनेव्हेच्या तटाच्या चार ओळी वाचल्या. त्या नवव्या वहीत आधीच होत्या, जवळजवळ याच शब्दांत. अण्णांनी ऐकल्या आणि वाट बघितली.

"पुढे?"

पुढे पॅड कोरा होता. मी म्हटलं, पुढचं तुम्ही सांगायचंय.

"सांगितलं की," अण्णा म्हणाले, आणि भिंतीकडे तोंड केलं. संध्याकाळी आई आली, मी घरी गेले, आणि पहाटे ते गेले. मधल्या वेळात ते कुणाशीच काही बोलले नाहीत, असं आईनं सांगितलं.